मातीने माखलेला तो आठपायी

अंजनेरीच्या पाचोळ्यात सापडलेला मातीने माखलेला आठपायी ट्रोगुलिडी कुळातला का, असं तुम्ही फोटो टाकून विचारलंय. नसावा. हे कुळ हार्वेस्टमनचं (कोळ्यासारखे दिसणारे, पण कोळी नसलेले आठपायी), मुख्यतः युरोपातलं. त्यांचं अंग चपटं, पाय आखूड, त्यावर मातीचे कण घट्ट चिकटलेले. डोक्यापुढे टोपीसारखी झालर असते, तोंडाचे अवयव तिच्याखाली लपतात. खाणं गोगलगायी, आणि अंडीही त्यांच्याच रिकाम्या शंखात! धक्का लागला की मेल्यासारखे पडून राहतात.

तुमच्या फोटोत तोंडाजवळच्या पायांसारख्या अवयवांची (पेडिपाल्पची) जोडी जाड, काटेरी दिसते आणि टोपी नाही, म्हणजे हार्वेस्टमनचाच लॅनिएटोरेस हा दुसरा गट. आपल्याकडे असामिडी कुळ तपासा. अंगाच्या दोन भागांमध्ये बारीक कंबर नाही ना, तेही बघा; असेल तर तो कोळी.

नमुना हवा असेल तर पाचोळा ८-१० मिमीच्या जाळीतून चाळा, खाली पांढरा कपडा. मग १० मिनिटं हात न लावता थांबा, कारण हलल्याशिवाय हे दिसतच नाहीत. बहुतेक जण इथेच घाई करतात. प्राणी खाली उतरावेत म्हणून नरसाळ्यात पाचोळा ठेवून वर बल्ब लावलात तर बल्ब जवळ नको. पाचोळा झटकन सुकला की प्राणी खाली उतरण्याआधीच मरतो. साठवण ७०-८० टक्के अल्कोहोलमध्ये. माती आधी मऊ ब्रशने काढा, नाहीतर ओळखीच्या खुणा झाकलेल्याच राहतील.