कॉन्ट्राला कोड लागत नाही, मारिओत २५५ लाइफ टाकल्या तर पहिल्याच मरणाला गेम ओव्हर – चुकतंय कुठे?

गुहागर_८बिट
गणपतीला मुंबईहून भाचेमंडळी येणार, त्याआधी माजघरातल्या टीव्हीवर जुने गेम लावून ठेवायचेत. अँड्रॉइड बॉक्स, त्यात रेट्रोआर्च (जुन्या गेम यंत्रांची नक्कल करणारा एम्युलेटर), यूएसबीचे दोन गेमपॅड. टीव्ही गेमसाठी (निन्टेन्डोचं जुनं ८ बिट यंत्र) एफसीईयूएमएम कोअर, म्हणजे त्या यंत्राची नक्कल करणारा भाग, आणि गेमबॉय ॲडव्हान्ससाठी एमजीबीए. गेम सगळे नीट चालतात, घोळ फक्त चीटचा, म्हणजे गेममध्ये फेरफार करणाऱ्या कोडांचा आहे.

सुट्या मारिओला 'एस एक्स आय ओ पी ओ' हा गेम जिनी या चीटच्या यंत्राचा कोड लागतो, लाइफ कमी होत नाहीत. तोच कोड 'अनेक गेम एका कॅसेटमध्ये' वाल्या फाइलला चालू ठेवला की मेनूच फाटतो. कॉन्ट्राला 'एस एल ए आय यू झेड' टाकला, काहीच फरक नाही. मारिओत कोडाऐवजी मेमरीतल्या ०७५ए या पत्त्यावर थेट २५५ लिहिले, तर पहिल्याच मरणाला गेम ओव्हर. आणि पोकेमॉन फायररेडमध्ये पैशांचा आकडा शोधला तर एकही जुळणी मिळत नाही.

कोड देवनागरीत लिहितोय, टाकताना अर्थातच इंग्रजीत टाकलेत.

खाडीकाठची
आधी एक बघून घ्या. फोनवरून कोड चिकटवला असेल तर मराठी कीबोर्डचे आकडे किंवा शेवटी एखादी मोकळी जागा आत शिरते. दिसायला कोड बरोबर दिसतो, कोअर मात्र तो मुकाट्याने टाकून देतो.

टीव्ही गेमच्या जिनी कोडात आकडे नसतातच. सोळाच अक्षरं: ए, पी, झेड, एल, जी, आय, टी, वाय, ई, ओ, एक्स, यू, के, एस, व्ही, एन. याच क्रमाने ० ते १५. त्यामुळे कोडात शून्य, बी, डी किंवा आर दिसला की तो चुकीचा उतरवलाय किंवा दुसऱ्याच यंत्राचा आहे हे समजायचं. बहुतेकदा 'ओ'च्या जागी शून्य पडलेला असतो.

दापोली_रॉमवाला
गुहागरकर, तुमच्या अडचणी समजायच्या तर आधी एक लक्षात घ्या. चीट दोन जातींचे असतात आणि त्या एकमेकींसारख्या वागत नाहीत. एक जात रोममधली (कॅसेटमधल्या कायमच्या प्रोग्रॅममधली) सूचना वाचताना बदलते, दुसरी चालू मेमरीतला आकडा बदलते. गेम जिनी पहिल्या जातीचा. ते यंत्र कॅसेट आणि कन्सोल यांच्या मधे बसायचं आणि ठरावीक पत्ता वाचला गेला की कॅसेटमधल्या बाइटऐवजी आपला बाइट पुढे करायचं. कॅसेट तशीच्या तशी राहायची. निन्टेन्डोने यावरून दावा लावला होता. १९९२ साली अमेरिकेच्या अपील कोर्टात तो हरला, त्यात हा मुद्दा होताच.

आता तुमचा मारिओचा कोड उलगडू. तो सांगतो: पत्ता ९१डी९, तिथे एडी हा बाइट दे (हे आकडे हेक्समधले, म्हणजे सोळाच्या पायावरचे). मूळ गेममध्ये तिथे सीई असतो. सीई म्हणजे 'पुढच्या पत्त्यावरचा आकडा एकने कमी कर', आणि पुढचा पत्ता आहे ०७५ए, म्हणजे लाइफ. एडी म्हणजे 'तोच आकडा नुसता वाच'. वजाबाकीच्या जागी वाचन आलं, लाइफ आहेत तेवढ्याच राहिल्या.

आता मेनू का फाटतो? सहा अक्षरी कोड पत्ता सोडून दुसरं काही तपासत नाही. अनेक-गेम कॅसेटमध्ये त्याच पत्त्यावर आलटून पालटून वेगवेगळे बँक (प्रोग्रॅमचे तुकडे) येतात. मेनू चालू असताना ९१डी९ वर मेनूचा स्वतःचा कोड किंवा चित्र असतं, त्यातही एडी घुसतो. याला उपाय आठ अक्षरी कोड, त्यात 'मूळ बाइट अमुक असेल तरच बदल' अशी अट बसते. तुमच्यासाठी तो असा होतो: एस एक्स एस ओ पी ओ व्ही के. पत्ता तोच, बाइट तोच, वर अट की तिथे सीई असला पाहिजे. तिसरं अक्षर आयचं एस झालंय, कोड सहाचा की आठचा हे त्याच अक्षरावरून ओळखतात.

कॅसेटवाल्याने मारिओतच फेरफार करून सूचना हलवल्या असतील तर हाही लागणार नाही. पण निदान मेनू शाबूत राहील.

२५५ ची गंमत वेगळी. मेल्यावर गेम एक वजा करतो आणि उत्तर ऋण आलं का एवढंच बघतो. या प्रोसेसरला १२८ ते २५५ हे आकडे ऋण वाटतात. २५५ मधून एक गेला, २५४ राहिले, म्हणजे ऋण, म्हणजे गेम ओव्हर. १२७ च्या वर जाऊच नका. दुसरा खड्डा असा की तिथे ० गोठवून ठेवलात तरी वाचत नाही. एम्युलेटर दर फ्रेमला (पडद्यावरच्या दर चित्राला) आकडा पुन्हा लिहितो हे खरं, पण वजाबाकी आणि तपासणी एकाच फ्रेमच्या आत लागोपाठ होतात. २ गोठवा, पुरतात. आणि ९९ लिहिलेत तर पडद्यावर ९९ दिसेल अशी अपेक्षा ठेवू नका. या गेमला एकअंकी आकडाच नीट दाखवता येतो, दहापासून मुकुटाचं चिन्ह येतं आणि त्याच्याही वर गेलं की भलतेच तुकडे दिसतात.

कुडाळचो_कॉन्ट्रा
कॉन्ट्राचा माझ्याकडे घ्या. तुमचो कोड बरोबर असा, फाइल दुसरी असा.

'एस एल ए आय यू झेड' हा अमेरिकन आवृत्तीचा. डीए०३ या पत्त्यावर 'वजा कर'च्या जागी बी५, म्हणजे 'वाच', असं तो करतो. कुठल्या खेळाडूची लाइफ ते प्रोसेसर एका रजिस्टरमधून (स्वतःच्या आतल्या छोट्या जागेतून) ठरवतो, म्हणून एकच कोड दोघांनाही लागतो. आपल्याकडच्या कॅसेटमध्ये बरेचदा जपानी कॉन्ट्रा किंवा त्याची मोडतोड केलेली आवृत्ती असते. जपानी आवृत्तीची चिपच वेगळी, मधे ज्यादा दृश्यं आहेत, सूचना भलत्याच पत्त्यांवर. ओळखायचं कसं? पहिल्या लेव्हलआधी नकाशा आणि कथा दिसली की जपानी. माणसांच्या जागी रोबो पळताना दिसले की ती युरोपची, तिचं नावच प्रोबोटेक्टर. फाइलच्या नावात कंसात यू, जे, ई असेल तर तेवढ्यावरही कळतं.

कोड सोडा, अमेरिकन फाइल असेल तर सरळ गेमपॅडवरून ३० लाइफ घ्या. शीर्षक पडद्यावर वर, वर, खाली, खाली, डावं, उजवं, डावं, उजवं, बी, ए आणि स्टार्ट. दोघांनी खेळायचं तर स्टार्टच्या आधी एकदा सिलेक्ट. ही क्रमवारी मुळात १९८६ च्या ग्रेडियसमध्ये काझुहिसा हाशिमोतो यांनी घातली होती.

ही लागत नसेल तर बहुतेकदा गेमपॅडचा दोष. स्वस्त पॅडवर ए-बीची चार बटणं असतात, त्यातली दोन टर्बो. टर्बो दाबला की एका दाबात पाच-सहा बी जातात आणि क्रम मोडतो. शिवाय पुष्कळ यूएसबी पॅडवर ए आणि बी उलटे जोडलेले असतात. मारिओत उडी कुठल्या बटणाने मारतो ते बघा, तो ए.

गुहागर_८बिट
कुडाळकर, नकाशा दिसतोय. म्हणजे जपानीच. मग त्या फाइलसाठी लाइफचा पत्ता स्वतः शोधायचा तर कसा?

खाडीकाठची
रेट्रोआर्चमध्येच शोधता येतो. गेम चालू असताना क्विक मेनू, चीट्स, मग 'स्टार्ट ऑर कंटिन्यू चीट सर्च'. आत गेल्यावर शोध नव्याने सुरू करायचा आणि आकार ८ बिट ठेवायचा. मेनू उघडला की गेम थांबलेला असतो, त्यामुळे घाई नाही.

पहिल्या फेरीत आकडा टाकू नका. पडद्यावरचा आकडा आणि मेमरीतला आकडा सारखा असेलच असं नाही. मारिओत पडद्यावर ३ दिसतात तेव्हा मेमरीत २ असतात. नुसता शोध सुरू करा, गेममध्ये जा, एक लाइफ घालवा, परत येऊन 'आधीपेक्षा कमी' निवडा. मग न मरता थोडं इकडे तिकडे फिरा आणि 'आधीइतकंच' निवडा. ही दुसरी पायरी लोक गाळतात आणि मग शंभर जुळण्या घेऊन बसतात. टाइमर आणि शत्रूंच्या जागा सतत बदलत असतात, त्या याच पायरीत गळतात. पुन्हा एक लाइफ घालवा, पुन्हा 'कमी'. मूळ यंत्राची कामाची मेमरी अवघी २०४८ बाइट आहे, चार-पाच फेऱ्यांत दोन-चार पत्ते उरतात.

उरलेल्या जुळण्या यादीत घ्या, मग एकेक चालू करून बघा. पडद्यावरचा आकडा बदलला पण मेल्यावर फरक पडला नाही, तर ती नुसती दाखवायची नक्कल आहे. खरा पत्ता दुसरा. प्रत्येक बदलानंतर 'अप्लाय चेंजेस' दाबायचं, नाहीतर काही होत नाही.

आणि किंमत टाकताना हेक्स की दशमान ते बघा. दशमान ९९ म्हणजे हेक्स ६३.

दापोली_रॉमवाला
ताईंच्या म्हणण्याला एक पुरवणी. असा गोठवलेला पत्ता चालू ठेवून अनेक-गेम फाइलमधला दुसरा गेम उघडू नका. त्या गेममध्ये त्याच बाइटमध्ये उंची, वेग, काहीही असू शकतं. आपोआप लागू होणारा पर्याय, तो 'ऑटो-अप्लाय' वाला, तुमच्यासारख्या वापरात बंद ठेवलेला बरा.

सावंतवाडी_लिंककेबल
फायररेडचा सांगतंय. तिथे नुसता आकडा शोधून आयुष्यात सापडायचा नाही. रकमेवर एक गुप्त किल्ली फिरवून ती साठवलेली असते, म्हणजे पडद्यावर ३००० दिसले तरी मेमरीत दुसराच आकडा. त्यात सेव्हची सगळी माहिती मेमरीत जागाही बदलत राहते. एमराल्डमध्येही हेच. रुबी आणि सफायर त्यामानाने भोळे.

म्हणून इथे तयार कोडच घ्या आणि आवृत्ती तपासा. फायररेड १.० आणि १.१ चे कोड एकमेकांना लागत नाहीत. कोडासोबत मास्टर कोड (बाकीचे कोड चालायला आधी लागणारा) दिला असेल तर तोही घाला. कोड अनेक ओळींचा असेल तर रेट्रोआर्चमध्ये त्या ओळी अधिकच्या चिन्हाने जोडून एकाच नोंदीत टाकायच्या. सुट्या सुट्या टाकल्या की अर्धाच कोड लागतो.

हवा तो पोकेमॉन आणणारे कोड वापरलेत तर एक पकडला की लगेच बंद करा. प्रत्येक पोकेमॉनच्या माहितीला बेरजेची तपासणी असते, ती चुकली की गेम त्याचं 'बॅड एग' (निकामी अंडं) करून टाकतो. भिंतीतून चालायचा कोड चालू असताना सेव्ह करू नका. नंतर कोड बंद करून गेम उघडाल तेव्हा भिंतीच्या आत उभे असाल. आधी एसआरएम फाइलची (गेमच्या सेव्ह फाइलची) नक्कल दुसऱ्या फोल्डरात ठेवा, मग हवे ते उद्योग करा.

साध्या गेमबॉयचा पोकेमॉन रेड असेल तर तिथे गेमशार्कने (मेमरीतला आकडा बदलणाऱ्या चीट-यंत्राच्या कोडांनी) पैसे सहज होतात: ०१९९४७डी३, ०१९९४८डी३, ०१९९४९डी३. ९९ हा आकडा, मागचे चार अंक म्हणजे पत्ता, पण बाइट उलटे लिहिलेले. ४७डी३ म्हणजे डी३४७. तीन बाइटांत प्रत्येकी ९९, मिळून ९९९९९९. इथे ९९ तसाच लिहायचा, ६३ नाही, कारण हा गेम पैसे दशमान अंकांच्या जोड्यांत ठेवतो. यलोमध्ये पत्ता एकने मागे सरकलाय.

कुडाळचो_कॉन्ट्रा
आणि लाइटचा विसरू नका. चतुर्थीत आपल्याकडे लाइट जाणार म्हणजे जाणार, बॉक्सला बॅटरी नाय. सेटिंग्जमध्ये सेव्हिंग खाली सेव्हरॅमचं ऑटोसेव्ह बंद असेल तर १० सेकंदांवर करा, नाहीतर गेम नीट बंद केल्यावरच सेव्ह फाइल लिहिली जाते. सेव्ह स्टेट (त्या क्षणाच्या सगळ्या मेमरीची नक्कल) घेणार असाल तर चीट बंद करून घ्या. मेमरीत लिहिलेला आकडा स्टेटबरोबर साठतो, चीट काढला तरी तो तसाच राहतो. रोमवाल्या कोडाला ही भीती नाही.

गुहागर_८बिट
आठ अक्षरी कोड लागला, मेनूही शाबूत. जपानी कॉन्ट्राचा पत्ता चौथ्या फेरीत सापडला, तीन जुळण्यांपैकी दुसरी. पण एक नवीनच: दुसऱ्या गेमपॅडवर चीटचा मेनू उघडूनसुद्धा 'चीट्स' हा विभाग अधूनमधून दिसेनासा होतो.

खाडीकाठची
पॅडचा संबंध नाही. अचिव्हमेंट्समध्ये लॉगिन करून हार्डकोअर मोड चालू केलाय का बघा. तो चालू असला की चीट बंद होतात आणि सेव्ह स्टेट उघडणंही. हार्डकोअर बंद करा, गेम पुन्हा उघडा.