मदत हवी आहे: स्वाधिष्ठान चक्र आणि कंबरेचा जडपणा

नमस्कार. आई जाऊन सात महिने झाले, तेव्हापासून माझी कंबर आणि ओटीपोट दगडासारखं जड झालंय. सोनोग्राफी नॉर्मल आली. योगवर्गातल्या ताई म्हणाल्या, स्वाधिष्ठान, म्हणजे योगात ओटीपोटाजवळ मानतात ते ऊर्जाकेंद्र, अडलंय. सहा पाकळ्यांचं, जलतत्त्वाचं चक्र, बीजमंत्र 'वं'. काल बद्धकोनासनात (तळपाय जुळवून, गुडघे बाजूला पसरून) बसले, गुडघे जमिनीपासून वीतभर वरच, आणि 'वं' म्हणता म्हणता एकदम रडू फुटलं. दहाव्या-तेराव्यालाही मी रडले नव्हते हो, आल्यागेल्याचा चहाच बघत होते. नंतर कंबर थोडी सैल वाटली.

असं कुणाला झालंय का? रडू आलं की आसन सोडायचं, की तसंच बसून राहायचं? आणि पाळीच्या दिवसांत हे चालू ठेवावं का? अनुभव असेल तर प्लीज सांगा.