स्वप्नात वेळ वीस पट ताणतो म्हणणाऱ्यांनी जरा इकडं या

अनगोळकर: काल कुणीतरी ग्रुपवर टाकलं की इन्सेप्शन या इंग्रजी पिक्चरमधलं सगळं आता सिद्ध झालंय, स्वप्नात वेळ वीस पट ताणतो आणि यंत्र लावून चार माणसं एकाच स्वप्नात शिरतात, खाली सगळे वा वा करायलेत. डोकं फिरलं म्हणून लिहायलोय. अरे, निदान पिक्चर तरी नीट बघा की. त्यात आधी पाच मिनिटांचा तास सांगतात, म्हणजे बारा पट, वीस पट होतं ते औषध घेतल्यावर, म्हणून तर दहा तासांच्या विमानप्रवासात स्वप्नातल्या स्वप्नाच्या पहिल्या थराला आठवडा, दुसऱ्याला सहा महिने, तिसऱ्याला दहा वर्षं. गोष्टीपुरता हिशेब झकास. पण खऱ्यात १९५७ साली डिमेंट आणि क्लाइटमन या झोपेच्या संशोधकांनी स्वप्नाची झोप लागल्यावर माणसांना कधी पाच, कधी पंधरा मिनिटांनी उठवून विचारलं, किती वेळ झाला? बहुतेकांनी बरोबर सांगितलं. एरलाखर-श्रेडल या दुसऱ्या संशोधकांनी तर, स्वप्नात असून 'हे स्वप्न आहे' कळतं अशा लोकांना आत उठाबशा काढायला लावल्या, डोळे फिरवून खूण करायची. जागेपणीपेक्षा जास्तच वेळ लागला! म्हणजे पिक्चरच्या बरोब्बर उलटं.

उद्यमबाग रात्रपाळी: गादीवर झोपणाऱ्यांना फौंड्रीतली झोप काय कळणार. ओतकाम झालं, वाळूच्या पोत्यांवर पाठ टेकली, चहाचा ग्लास शेजारी. बहिणीचं लग्न बघितलं, साखरपुड्यापासून वरातीपर्यंत, मधे मामाचं रुसणं, मग तिला पोरगी झाली, बारसं झालं. उठलो तर चहावर साय पण धरली नव्हती. मांडा आता हिशेब.

अनगोळकर: बारसं बघितलंस, का नुसता पाळणा दिसला आणि उठल्यावर बाकीचं जोडलंस? पिक्चरमधली दहा वर्षं पण तशीच, आपण थेटरात अडीच तासच बसलो होतो.

शहापूरची वहिनी: फॉरेनवाल्यांनी दाखवलं की विज्ञान, आपलं ते थोतांड, असंच ना? योगवासिष्ठात लवण राजा दरबारात बसल्या जागी घटकाभरात चांडाळ होऊन अख्खा संसार करून येतो.

अनगोळकर: वहिनी, गोष्ट भारीच आहे, पण दरबारातला दुसरा कोण त्यात शिरला का?

शहापूरची वहिनी: पुढं वाचा की भाऊजी. दुसऱ्या दिवशी राजा तिकडं जातो तर त्या जन्मातली सासू खरीच रडत बसलेली असते. अर्धवट वाचून शिकवायला येऊ नका.

निपाणीकर: ते राहू दे, चौघं एका स्वप्नात गेले तर बोलायचं कुठल्या भाषेत? माझ्या स्वप्नात बसचा बोर्ड कन्नडात असतो आणि कंडक्टर मराठीत ओरडतो, मागं सरका.

खानापूरचा गडी: घ्या, आता स्वप्नात पण कन्नड! शेताच्या उताऱ्यासाठी कचेरीत गेलो तर अर्ज कन्नडातच पाहिजे म्हणाले, बाहेर बसलेल्याला पैसे देऊन लिहून घेतला, आत काय लिहिलंय ते देवाला ठाऊक आणि खाली सही माझी. सुप्रीम कोर्टातला सीमाभागाचा दावा २००४ पासून पडलाय. वेळ ताणलेला बघायचा तर तिकडं बघा.

निपाणीकर: झालं! कुठनं पण सीमाप्रश्नावर. झोपू तरी द्या मर्दा.

खानापूरचा गडी: तुला काय, एसटीत बसलास की कोल्हापूर. आम्ही लोंढ्याच्या जंगलाकडं तोंड करून बसायचं काय?

कॅम्पातली सून: भांडा तुम्ही. मी कन्नड घरात दिलेली, पोरांशी पण कन्नडच बोलते. हल्ली स्वप्नात माझी आई येते ती कन्नडात बोलते. जिवंत असताना 'ऊट आयता', म्हणजे जेवण झालं का, याच्या पुढं तिला एक शब्द येत नव्हता. मला राग येत नाही, पण उठल्यावर आवाज तिचा होता का सासूबाईंचा तेच कळत नाही.

खानापूरचा गडी: ताई, तुमचं वेगळं.

निपाणीकर: वेगळं कसं? तुझ्या सोयीचं नाही म्हणून वेगळं!

अनगोळकर: धागा कशाचा होता, चाललंय काय! वहिनी उचकायच्या आधी हात जोडून एक कबूल करतो. २०२१ साली करंट बायॉलॉजी या संशोधन पत्रिकेत आलंय, झोपलेल्या माणसाला आठातून सहा गेले किती विचारलं, त्यानं स्वप्नातूनच डोळे दोनदा फिरवून उत्तर दिलं. पण विचारणारा जागा होता. दोन झोपलेले एकमेकांत शिरले असं कुणीही दाखवलेलं नाही, आणि वेळ तर जिथल्या तिथं.

उद्यमबाग रात्रपाळी: आठातून सहा एवढंच? आमचा फोरमन रोज पहाटे विचारतो किती बॉक्स झाले, मी झोपेतच आकडा सांगतो आणि तो वहीत लिहून पण घेतो. आमचं कोण छापत नाही.