मित्राचा तिसरा : सोबती, सहचर, की ‘लांबचा’?

प्रश्न (इंदूर)

मे संपत आला की आम्ही रामबागेतली मुले घेऊन एका रात्रीसाठी मांडवला जातो. जायचे कारण मित्र तारा, म्हणजे अल्फा सेंटॉरी. इंदुरातून तो ऐन मध्यावर आला तरी क्षितिजाच्या वर जेमतेम साडेसहा अंश असतो, म्हणजे हात लांब करून तीन-चार बोटे. शहरातल्या कुठल्या गच्चीवरून तेवढी दक्षिण मोकळी मिळते? मांडवचा दक्षिणेकडचा कडा थेट निमाडात उतरतो, त्यामुळे समोर अडवायला काही नसते. साडेदहाच्या सुमारास उजवीकडे मित्रक आणि डावीकडे त्याहून तेजस्वी मित्र, असे दोघे दिसतात.

मुलांच्या हातात द्यायला एक कार्ड लिहिते आहे. त्यात असे लिहिले : ‘मित्र डोळ्यांना एक दिसतो. दुर्बिणीतून दोन दिसतात. खरे तीन आहेत. तिसरा, म्हणजे प्रॉक्झिमा, हा त्या दोघांचा दूरचा सोबती आहे.’

सासूबाईंना वाचून दाखवले तर त्या म्हणाल्या, “दूरचा आणि वर सोबती? सोबत आहे तर दूर कसा गं?” मला उत्तर देता आले नाही. मुलगा म्हणतो ‘साथी’ लिही, इथे सगळ्यांना कळते. पण मुलांना मराठीत एक नेमका शब्द मिळावा असे फार वाटते. शाळेत तर त्यांचा मराठीशी संबंधच येत नाही. काय लिहू?

उत्तर (बडोदा)

ताई, सासूबाईंनी नेमके बोट ठेवले आहे. ‘सोबत’ हा मूळचा अरबी शब्द, ‘सोहबत’. फारसीतून आपल्याकडे आला आणि इतका घरचा झाला की परका वाटत नाही. पण आपण तो वापरतो कसा ते बघा. “रात्री सोबतीला कोण आहे?” म्हणजे त्याच घरात निजायला कोण आहे. “सोबतीने जा” म्हणजे बरोबरीने चाला. सोबतीला माणूस हाकेच्या अंतरावर लागतो.

या कसोटीवर मित्रातले पहिले दोघे खरे सोबती ठरतात. साधारण ऐंशी वर्षांत ते एकमेकांभोवती एक फेरी पुरी करतात. सर्वांत जवळ येतात तेव्हा त्यांच्यात पृथ्वी-सूर्य अंतराच्या अकरा पट अंतर असते आणि सर्वांत दूर जातात तेव्हा छत्तीस पट. प्रॉक्झिमा मात्र त्यांच्यापासून तेरा हजार पट लांब आहे. पृथ्वी ते सूर्य हे अंतर एक सेंटिमीटर धरा. मग ते दोघे एका ताटाच्या दोन कडांवर बसतील. ते ताट तुमच्या राजवाड्याच्या दारात ठेवले तर प्रॉक्झिमा 130 मीटरवर, सराफ्याच्या आसपास कुठेतरी. त्या दोघांकडून प्रॉक्झिमाकडे उजेड पोचायला अडीच महिने लागतात. याला ‘सोबत’ म्हणवत नाही.

‘साथी’बद्दल माझे मत वेगळे आहे. हिंदीतला ‘साथी’ गोड आहे, पण मराठीत त्याचा ‘साथीदार’ झाला की तो पोलिसांच्या बातमीत जाऊन बसतो : ‘मुख्य आरोपी व त्याचे तीन साथीदार’. कार्डावर नको.

उत्तर (इंदूर, दुसरे)

‘जोडीदार’ का नको? ‘जोडतारा’ हा शब्द मराठीत रुळलेला आहेच.

उत्तर (बडोदा)

जोडी दोघांची. तिसरा आला की तो शब्द थांबतो.

उत्तर (ग्वाल्हेर)

मी ‘सहचर’ सुचवतो. जड वाटेल, पण एवढे म्हणणे ऐकून घ्या.

प्रॉक्झिमा सापडला कसा? 1915 साली जोहान्सबर्गच्या वेधशाळेत रॉबर्ट इनेस काही वर्षांच्या अंतराने घेतलेल्या आकाशाच्या छायाचित्रांच्या दोन काचा ताडून बघत होते. मित्रापासून सव्वादोन अंशांवर, म्हणजे पौर्णिमेचे चार चंद्र ओळीने ठेवले तर जेवढी जागा व्यापतील त्याहून थोडे पलीकडे, एक अकराव्या प्रतीचा मंद ठिपका सरकलेला दिसला. इतका मंद की डोळ्यांना दिसण्याचा प्रश्नच नाही. पण तो मित्राच्याच दिशेने आणि जवळपास मित्राच्याच वेगाने सरकत होता. ही चाल दोघांचीही वर्षाला पावणेचार विकलांच्या आसपास आहे (एका अंशाच्या साठ कला, एका कलेच्या साठ विकला). त्या गतीने चंद्रबिंबाएवढी वाट चालायला पाचशे वर्षे लागतात. आजूबाजूचे हजारो तारे जागच्या जागी आणि हे मात्र बरोबर निघालेले.

म्हणजे इनेस यांच्या हाती पुरावा काय होता? फक्त सह-चरण. बरोबर चालणे. तो मित्राभोवती फिरतो हे त्यांनी पाहिले नव्हते, पाहणे शक्यही नव्हते, कारण त्या फेरीला साडेपाच लाख वर्षे लागतात. पुढची शंभर वर्षे अभ्यासकांमध्ये हाच प्रश्न राहिला : हा मित्राला बांधलेला आहे, की योगायोगाने शेजारून जातो आहे? उत्तर 2017 साली मिळाले. फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ केर्व्हेला आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रॉक्झिमाचा वेग अतिशय बारकाईने ठरवला. मित्राच्या तुलनेत तो सेकंदाला सुमारे 273 मीटर निघाला. मित्राची पकड सोडून जायला सुमारे 545 लागला असता. म्हणजे बांधलेला आहे, आणि चांगला घट्ट. लांबट कक्षेत फिरत तो कधी पृथ्वी-सूर्य अंतराच्या चार हजार तीनशे पटींपर्यंत जवळ येतो आणि आज जवळजवळ कक्षेच्या पार टोकाला आहे.

म्हणून मला ‘सहचर’ हा प्रामाणिक शब्द वाटतो. जेवढे दिसले तेवढेच तो म्हणतो. तो जवळ असल्याचा दावा करत नाही, बांधलेले असल्याचाही करत नाही. नुसते, बरोबर चालतो.

उत्तर (इंदूर, दुसरे)

काका, पटले. पण ‘सहचर’ म्हटले की ‘सहचारिणी’ आठवते, श्रद्धांजलीच्या मजकुरातली. दहा वर्षांच्या मुलाला तो शब्द काहीच सांगणार नाही. ‘सहप्रवासी’ म्हटले तर? रेल्वेमुळे तो सगळ्यांना माहीत आहे.

उत्तर (ग्वाल्हेर)

रेल्वेमुळेच तो इथे चालत नाही. सहप्रवासी आपापल्या स्टेशनावर उतरतो. त्याचा आणि आपला संबंध डब्यापुरता.

पण हा शब्द फेकून देऊ नका, त्याची जागा आकाशात दुसरीकडे आहे. सप्तर्षींतले मधले पाच, म्हणजे पुलह, पुलस्त्य, अत्री, अंगिरा आणि वसिष्ठ, एकाच दिशेने चाललेले आहेत. टोकाचे क्रतू आणि मरीची वेगळ्या वाटेचे. ते पाच एकमेकांभोवती फिरत नाहीत, एकत्र जन्मले आणि अजून एकाच बाजूला निघालेले आहेत, हळूहळू पांगत. त्यांना ‘सहप्रवासी’ अगदी शोभतो.

प्रश्नकर्ती (इंदूर)

काका, मग अरुंधती? लग्नात दाखवतात ती. ती वसिष्ठाची सोबती, की सहचर, की सहप्रवासी? माझ्या लग्नात गुरुजींनी दाखवली तेव्हा मला दोन्ही वेगळे दिसले होते. एवढ्या जवळ दिसतात म्हणजे ‘सोबती’च ना?

उत्तर (ग्वाल्हेर)

फार चांगला प्रश्न. आधी शब्दांतली एक जुनी गोष्ट सांगतो. आपल्याकडे ‘स्थूलारुंधतीन्याय’ म्हणतात. अरुंधती बारीक, एकदम दाखवली तर सापडत नाही. म्हणून आधी शेजारचा मोठा तारा दाखवायचा, “हीच बघ” म्हणायचे, आणि नजर तिथे ठरली की, “ही नव्हे, तिच्या कडेची ती.” ढोबळापासून सूक्ष्माकडे नेण्याची ही रीत वेदान्ताच्या ग्रंथांनी लग्नातून उचलली. तुमचे कार्डही नेमके तेच करते आहे : आधी एक, मग दोन, मग तिसरा.

दोघांतले अंतर बारा कला, चंद्राच्या रुंदीच्या जेमतेम दोन-पंचमांश. दोघेही ऐंशी-ब्याऐंशी प्रकाशवर्षांवर. वसिष्ठ दुर्बिणीतून दोन दिसतो. ते दोन्ही पुन्हा जोडतारे, म्हणजे वसिष्ठ चार. त्यांतली एक जोडी 1889 मध्ये वर्णपटातल्या दुहेरी रेघांवरून ओळखली गेली, आणि वर्णपटावरून सापडलेला तो पहिलाच जोडतारा. अरुंधतीच्या पोटाशी आणखी एक लाल बुटका तारा आहे हे 2009 मध्ये कळले. एकूण सहा.

दिसायला हे दोघे प्रॉक्झिमा-मित्रापेक्षा कितीतरी जवळ. पण ते आपल्यापासून वीसपट लांब आहेत, म्हणून इवलेसे अंतर वाटते. प्रत्यक्षात वसिष्ठ-अरुंधतीमधली दरी प्रॉक्झिमा-मित्राच्या दरीपेक्षा मोठी आहे. तेव्हा अरुंधतीला ‘सोबती’ नाही म्हणणार. ‘सहचारिणी’ म्हणेन. पाच सहप्रवाशांतल्या एकाची सहचारिणी. लग्नात याहून चांगला शब्द कुठला हवा?

उत्तर (बडोदा)

काकांचे वाचून मी ‘सोबती’वरचा हट्ट सोडला नाही, पण ‘दूरचा’वर बोलायचे राहिले होते. ‘दूरचा’ किंवा ‘लांबचा’ मराठीत अंतर सांगत नाही, नाते सांगतो. “तो माझा लांबचा मामा” म्हणजे सख्खा नव्हे, आईचा चुलत-मावस भाऊ असेल. आणि “माझा मामा लांब राहतो” म्हणजे सख्खाच, पण पुण्याला. इंदूर-बडोद्याच्या आपल्या घरांना हा फरक सांगायला नको. निम्मे सख्खे लांब राहणारेच असतात. प्रॉक्झिमा ‘लांबचा’ नाही, तो ‘लांब असलेला’ आहे. ‘लांबचा सोबती’ लिहिले तर मुलांना वाटेल हा कोणी परका.

‘दूरस्थ’ही नको. तिकडे ‘दूरस्थ शिक्षा’च्या पाट्या असतात, शब्द टपालाने येणाऱ्या अभ्यासक्रमाचा होऊन बसला आहे.

आणि एक गोष्ट मुलांना जरूर सांगा. मित्र एक नसून दोन आहेत हे 1689 च्या डिसेंबरात झाँ रिशो या फ्रेंच पाद्र्याला पाँडिचेरीहून धूमकेतू बघताना दिसले. म्हणजे हा शोध आपल्या मातीवरून लागला. तिथून मित्र मांडवपेक्षा बराच वर येतो.

प्रश्नकर्ती (इंदूर)

सासूबाईंना सगळे वाचून दाखवले. ‘लांबचा’ आणि ‘लांब राहणारा’ हे त्यांना फार आवडले. मग त्यांनीच विचारले, “तारा ‘मित्र’ कसा? मित्र म्हणजे तर सूर्य.” सूर्यनमस्काराचे पहिले नाव.

उत्तर (ग्वाल्हेर)

दोन्ही खरे. संस्कृतात पुल्लिंगी ‘मित्र’ म्हणजे सूर्य आणि नपुंसकलिंगी ‘मित्र’ म्हणजे स्नेही. मराठीत लिंगाचा फरक पुसला गेला आणि दोन्ही अर्थ एकाच शब्दात राहिले. या ताऱ्याला दोन्ही लागू पडतात : त्यातला मोठा अगदी सूर्याच्या जातीचा पिवळा, वजनाने सूर्याहून किंचित जास्त, आणि हे सगळे कुटुंब आपल्याला सर्वांत जवळचे. सासूबाईंना माझा नमस्कार सांगा.

प्रश्नकर्ती (इंदूर)

कार्ड असे केले :

‘मित्र डोळ्यांना एक दिसतो. दुर्बिणीतून दोन दिसतात. ते दोघे एकमेकांचे सोबती. त्यांचा तिसरा भाऊ लांब राहतो. त्याचे नाव प्रॉक्झिमा. तो डोळ्यांना दिसत नाही, पण दोघे जिकडे जातात तिकडेच तोही चालतो. अशा ताऱ्याला सहचर म्हणतात.’

मोठा शब्द शेवटी ठेवला आहे, अर्थ आधी कळल्यावर. एकच राहिले : प्रॉक्झिमा ‘तो’ की ‘ती’? लॅटिनमध्ये शब्द स्त्रीलिंगी आहे असे मुलाने सांगितले.

उत्तर (बडोदा)

‘तारा’ मराठीत पुल्लिंगी, म्हणून ‘तो’. पण अरुंधती तारा असूनही ‘ती’च राहिली, नावामुळे. ‘बहीण लांब राहते’ लिहिलेत तरी व्याकरण अडवणार नाही. फक्त मग शेवटी ‘सहचर’चे ‘सहचरी’ करा.