मदत हवी आहे: बेसबॉलमधल्या पिचरला, म्हणजे फलंदाजाकडे चेंडू फेकणाऱ्याला, मराठीत काय म्हणू?

मंडळाच्या दिवाळी अंकासाठी सँडी कोफॅक्सवर लिहितेय. लॉस एंजेलिस डॉजर्स या अमेरिकन बेसबॉल संघाचा डावखुरा पिचर. सामना संपला की दुखरं कोपर बर्फाच्या पाण्यात बुडवून बसायचा. १९६६ मध्ये २७ सामने जिंकले आणि त्याच वर्षी, अवघ्या ३०व्या वर्षी, सांधेदुखीपायी निवृत्ती! १९७२ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे बेसबॉलमधल्या थोर खेळाडूंच्या मानाच्या यादीत, निवड. पुढे डॉजर्सच्याच नवख्या पिचरांना शिकवलं.

अडलंय ते असं: ‘पिचर’ लिहिलं की आईला खेळपट्टी आठवते, ‘गोलंदाज’ लिहिलं तर धाकटा हसतो. शिवाय त्याचा १९६६चा १.७३ हा आकडा, म्हणजे दर नऊ डावांमागे पिचरच्या खाती पडलेल्या धावा, एका शब्दात कसा मांडू? ‘सरासरी’ म्हटलं की क्रिकेटवाले विकेटमागे धरतात. सुचवा ना कुणी, शुक्रवारी मजकूर द्यायचाय.