मोर्चाच्या जुन्या छायाचित्रांतील चेहरे झाकावेत का?

पंचवटीकर:
१६ ऑगस्ट २००८ रोजी मुंबईत ऑगस्ट क्रांती मैदानापासून गिरगाव चौपाटीपर्यंत समलिंगी हक्कांसाठी निघालेल्या मोर्चाला मी नाशिकहून गेलो होतो. त्या दिवशी काढलेली दीडशेच्या आसपास छायाचित्रे माझ्याजवळ आहेत आणि त्यांचे छोटेसे प्रदर्शन आपल्या शहरात भरवावे, असे फार मनात आहे. मात्र तेव्हा समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारे कलम ३७७ लागू होते, कित्येक जण घरी न सांगता आले होते आणि माझ्याकडे कोणाचीच लेखी संमती नाही. चेहरे झाकले, तर त्या दिवसाचे धैर्यच झाकले जाईल का?

गोदाकाठ:
ज्यांना विचारता येणार नाही, त्यांचे चेहरे झाकावेत, असे माझे ठाम मत आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या ६ सप्टेंबर २०१८ च्या निकालाने प्रौढांचे परस्परसंमतीचे समलिंगी संबंध गुन्हा राहिले नाहीत, परंतु घरमालक आणि नातेवाईक त्या दिवशी बदलले नाहीत. मूळ फाइलींना हात न लावता त्या वेगळ्या डिस्कवर ठेवाव्यात आणि झाकण्याचे काम प्रतींवरच करावे. चेहरा नुसता धूसर करू नये, कारण कपड्यांवरून आणि सोबतच्या माणसांवरूनही ओळख पटते.

जुनी कात्रणे:
सरसकट झाकण्यास माझा विरोध आहे. ज्यांनी पत्रकारांसमोर स्वतःच्या नावाने भूमिका मांडली, त्यांना शोधून विचारावे. न विचारता त्यांना पुसणे हाही अन्यायच आहे. ११ ऑक्टोबर १९८७ च्या, समलिंगी हक्कांसाठीच्या वॉशिंग्टन मोर्चाच्या वेळी एड्सने गेलेल्यांच्या स्मृतीसाठी १,९२० कापडी तुकड्यांची गोधडी तिथल्या नॅशनल मॉल या मोकळ्या मैदानावर अंथरली होती. या गोधडीतील काही तुकड्यांवर पूर्ण नाव आहे, तर काहींवर केवळ पहिले नाव, आणि तरीही ती नोंद अपुरी वाटत नाही. शिवाय फलक, पत्रके, रेल्वेची तिकिटे हेही जपावे. २ मार्च १९३० ला सुरू झालेल्या आपल्या काळाराम मंदिर सत्याग्रहाच्या काळातील बाबासाहेबांची पत्रे दादासाहेब गायकवाडांनी सांभाळली, म्हणून त्या लढ्याचे आतले तपशील आज वाचता येतात.

नाशिकरोड:
उपस्थितांचा आकडा लिहिताना तो कोणाचा, हेही लिहावे. १९९३ च्या तशाच वॉशिंग्टन मोर्चाबाबत अमेरिकेच्या सरकारी उद्यान सेवेने ३ लाख, तर आयोजकांनी १० लाख लोक सांगितले होते.

पंचवटीकर:
आपणा सर्वांचा आभारी आहे. त्या मोर्चातील ज्या तिघांशी अजून संपर्क आहे, त्यांना आजच पत्र लिहितो. त्यांचे उत्तर येईपर्यंत फक्त फलकांची आणि पाठमोरी छायाचित्रे निवडून ठेवेन.