झरिष्क, दारुहळद आणि कुंपणावरची पिवळी फळे: ही एकच वनस्पती आहे का?

अबोली, ठाणे

नमस्कार. आम्ही घोडबंदर रस्त्यावरील एका सोसायटीत राहतो. गेल्या महिन्याभरात आमच्या घरात तीन निरनिराळ्या वस्तू ‘बार्बेरी’ या एकाच नावाने आल्या असून, त्यामुळे माझा पुरता गोंधळ उडाला आहे.

पहिली वस्तू म्हणजे वाशीच्या मसाला बाजारातून आणलेली झरिष्काची पाकिटे. ही लहान, लालभडक, वाळलेली आणि चवीला आंबट फळे आहेत. माझी नणंद बाळंतपणासाठी माहेरी आली आहे, तिला सातवा महिना चालू आहे आणि आंबट खाण्याची इच्छा झाली की ती यातील चार दाणे तोंडात टाकते. दुसरी वस्तू म्हणजे दारुहळदीचे चूर्ण. माझ्या सासऱ्यांना मधुमेह आहे आणि त्यांची गोळी नियमित चालू आहे. शेजाऱ्यांच्या सांगण्यावरून ते तीन आठवड्यांपासून रोज सकाळी अनशापोटी एक चमचा चूर्ण कोमट पाण्यातून घेत आहेत. तिसरी वस्तू आमच्या आवाराच्या कुंपणावरच आहे. तेथे लावलेल्या काटेरी झुडपांना सध्या नारिंगी-पिवळ्या फळांचे घोस लागले आहेत, आणि ज्या रोपवाटिकेतून ती रोपे आणली तेथील माणसाने ही बार्बेरीच असल्याचे सांगितल्याचे माळीकाका म्हणतात. परवा खाली खेळणाऱ्या दोन मुलांच्या मुठीत मला ही फळे दिसली, तेव्हापासून मला चैन नाही.

या तिन्ही गोष्टी एकाच झुडपाच्या आहेत का? त्यातले काय खाण्याजोगे आहे आणि काय नाही? आणि खरी बार्बेरी ठाण्यात कुंडीत लावता येईल का?

रानवाट, ऐरोली

अबोलीताई, आपल्या तिसऱ्या वस्तूबद्दल आधी लिहितो, कारण घाई तिचीच आहे. मुलांना ती फळे खाऊ देऊ नका. आपल्या वर्णनावरून ते झुडूप ड्युरांटा असावे. ठाण्यात आणि नवी मुंबईत सोसायट्यांची कुंपणे आणि रस्त्यांचे दुभाजक याच झुडपाने भरलेले असतात. ते मूळचे उष्णकटिबंधीय अमेरिकेतील असून त्याची फळे विषारी आहेत. ती खाल्ल्याने मुलांना उलट्या, पोटदुखी, गुंगी असे त्रास होऊ शकतात. एखाद्या मुलाने फळे गिळली असतील, तर लक्षणांची वाट न पाहता फळांसकट एक डहाळी सोबत घेऊन डॉक्टरांकडे जावे.

ओळख आपल्याला स्वतःच पटवून घेता येईल. ड्युरांटाची पाने फांदीवर समोरासमोर येतात, फुले जांभळी किंवा पांढरी असून लोंबत्या तुऱ्यांत लागतात आणि काटे असलेच तर साधे, एकेकटे असतात. बार्बेरीची गोष्ट वेगळी आहे. तिचा काटा बहुधा एकाच बुंध्यातून तीन टोकांनी फुटलेला असतो (मुळात ते रूपांतरित पानच असते), त्या काट्याच्या बगलेतून पानांचा झुपका निघतो, फुले पिवळी असतात आणि सर्वांत खात्रीची खूण म्हणजे फांदी नखाने खरवडली की सालीखाली हळदीसारखा पिवळा रंग दिसतो. तो रंग बर्बेरिन या द्रव्याचा असतो.

आता उरलेल्या दोन वस्तूंबद्दल. त्या एकाच कुळातील, किंबहुना बर्बेरिस या एकाच प्रजातीतील आहेत, मात्र झुडपे दोन आहेत. झरिष्क हे इराणमधील बिनबियांच्या बार्बेरीचे फळ, तर आयुर्वेदातील दारुहळद म्हणजे हिमालयातील बर्बेरिस अरिस्टाटाचे मूळ आणि खोड. कुमाऊँमध्ये या झुडपांना किल्मोडा म्हणतात, गढवालात किनगोड आणि नेपाळात चुत्रो. काही वर्षांपूर्वी जूनच्या सुरुवातीस मुक्तेश्वरच्या वाटेवर मी किल्मोड्याची फळे झुडपावरून तोडून खाल्ली आहेत. ती लाल नसून निळसर काळी असतात आणि द्राक्षावर असतो तसा पांढुरका थर त्यांच्यावर असतो. बोटांत धरताच तो पुसला जाऊन खालचा गर्द जांभळा रंग उघडा पडतो. चव आंबटगोड, गर थोडा आणि बी मोठी. तेथील मुले शाळेतून येताना ओंजळी भरून फळे खातात आणि त्यांच्या जिभा घरी पोहोचेपर्यंत जांभळ्याच राहतात.

या फुलांविषयी एक गोष्ट सांगितल्यावाचून राहवत नाही. बार्बेरीच्या फुलातील पुंकेसर पाकळ्यांना टेकून पसरलेले असतात. त्यांच्या बुडाला गवताच्या काडीने हलकेच स्पर्श केला की ते क्षणात आत झेपावतात. मधासाठी आलेल्या माशीच्या अंगावर पराग नेमके बसावेत यासाठीची ही योजना आहे, आणि लाजाळूच्या पानापेक्षाही तिची हालचाल चपळ आहे.

कुंडीत लावण्याबद्दल माझे मत स्पष्ट आहे: लावू नये. या झुडपाला थंडी हवी. हिमालयात साधारण दोन ते तीन हजार मीटर उंचीवर ते जोमाने वाढते आणि दक्षिणेत त्याचे भाऊबंद निलगिरीच्या उंच भागात आढळतात. खाडीकाठच्या आपल्या दमट हवेत ते कसेबसे जगले तरी फळणार नाही.

शेतकऱ्यांशी या झुडपाचे जुने वैर आहे, तेही येथे नोंदवतो. गव्हाच्या खोडावरील तांबेरा ज्या बुरशीमुळे पडतो, ती आपल्या जीवनचक्राचा एक भाग बार्बेरीच्या पानांवर पूर्ण करते, हे 1865 च्या सुमारास आंतोन द बारी या जर्मन शास्त्रज्ञाने प्रयोगाने सिद्ध केले आणि त्याच आधारावर अमेरिकेत 1918 पासून बार्बेरी उपटून टाकण्याची मोठी मोहीम राबवण्यात आली. भारतात मात्र आग्र्याचे प्राध्यापक करमचंद मेहता यांनी दाखवून दिले, की आपल्याकडील तांबेऱ्याला हिमालयातील बार्बेरी फारशी जबाबदार नाही. ती बुरशी डोंगराळ भागातील उन्हाळी गव्हावर तग धरते आणि तिचे बीजाणू वाऱ्याबरोबर मैदानात उतरतात. त्यामुळे आपल्याकडे ही झुडपे वाचली, असे म्हणता येईल. पण आता औषधासाठी ती मुळासकट खणली जातात आणि मूळ काढले की झुडूप संपते. याचे मला फार वाईट वाटते.

शुभदा, नेरूळ

मी आयुर्वेदाची पदवीधर असून नेरूळमध्ये चिकित्सा करते. अबोलीताई, आपल्या सासऱ्यांचे चूर्ण आज थांबवा आणि ज्या डॉक्टरांची गोळी चालू आहे त्यांना ते दाखवा. दारुहळद वाईट आहे म्हणून मी हे सांगत नाही. ती परिणामकारक आहे, म्हणूनच सांगते.

चरकसंहितेत दारुहळद लेखनीय, अर्शोघ्न आणि कंडूघ्न अशा तिन्ही गणांत आली आहे, म्हणजे मेद कमी करणे, मूळव्याध आणि त्वचेची खाज या तिन्ही ठिकाणी तिचा उपयोग सांगितला आहे. हळद आणि दारुहळद यांचा उल्लेख ग्रंथांत पुष्कळदा जोडीनेच येतो, परंतु पहिली कंद आहे आणि दुसरी लाकूड, हे ध्यानात ठेवावे. दारुहळदीच्या काढ्यात दूध घालून तो घट्ट होईपर्यंत आटवला की रसांजन तयार होते. बाजारात रसोत या नावाने मिळणारा काळपट तपकिरी गोळा साधारणपणे नुसत्या पाण्यात केलेल्या काढ्याचाच असतो. त्याचा हरभऱ्याएवढा तुकडा वाटीभर पाण्यात टाकला की कडेने पिवळे धागे सुटू लागतात आणि थोड्या वेळात सगळे पाणी पिवळे होते. डोळ्यांच्या विकारांत रसांजन परंपरेने वापरले गेले आहे, पण घरी कालवलेले कोणतेही पाणी डोळ्यांत घालू नये, असे मी प्रत्येक रुग्णाला बजावते, कारण ते निर्जंतुक नसते.

मधुमेहाबद्दल शेजाऱ्यांनी सांगितले ते निराधार नाही. चीनमध्ये झालेल्या आणि 2008 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात नव्याने निदान झालेल्या 36 रुग्णांपैकी काहींना बर्बेरिन आणि काहींना मेटफॉर्मिन हे मधुमेहाचे नेहमीचे औषध, प्रत्येकी 500 मिलिग्रॅम दिवसातून तीन वेळा, असे तीन महिने दिले गेले आणि दोन्ही गटांत साखर सारख्याच प्रमाणात उतरल्याचे दिसले. परंतु तेथे शुद्ध द्रव्य मोजून दिले होते आणि रुग्ण देखरेखीखाली होते. चमचाभर चुर्णात बर्बेरिन किती आहे हे आपल्याला ठाऊक नसते. गोळीच्या जोडीला ते घेतल्यास साखर वाजवीपेक्षा खाली जाऊन घाम, थरथर, भोवळ येऊ शकते. शिवाय यकृतात इतर अनेक औषधांचे विघटन करणारी जी विकरे असतात त्यांना बर्बेरिन अडवते, त्यामुळे रक्तदाबाची किंवा हृदयविकाराची गोळी चालू असल्यास तेही डॉक्टरांच्या कानावर घालावे.

नणंदेच्या बाबतीत अधिक सावध राहावे. गरोदरपणात आणि बाळ अंगावर पीत असेपर्यंत दारुहळदीचे चूर्ण, काढा, रसोत किंवा बर्बेरिनच्या गोळ्या यांपैकी काहीही घेऊ नये. नवजात बाळाच्या रक्तात बिलिरुबिन (काविळीत वाढणारे पिवळे द्रव्य) ज्या प्रथिनाला चिकटून राहते, तेथून बर्बेरिन त्याला हटवते, आणि मोकळे झालेले बिलिरुबिन बाळाच्या मेंदूपर्यंत पोहोचण्याचा धोका असतो. पिकलेल्या फळात हे द्रव्य अगदी थोडे असते, ते मुख्यतः मुळात आणि सालीत साठते. त्यामुळे आजवर खाल्लेल्या चार दाण्यांनी घाबरून जाण्याचे कारण नाही, पण पुढे खाण्यापूर्वी प्रसूतितज्ज्ञांना विचारून घ्यावे आणि तोवर आवळा किंवा आमसूल यांवर भागवावे.

आणखी एक. बाजारात दारुहळद म्हणून विकले जाणारे प्रत्येक पिवळे लाकूड बर्बेरिसचेच असते असे नाही. दक्षिणेत कॉसिनियम नावाच्या वेलीचे खोडही याच नावाने विकले जाते आणि चुर्णात कधीकधी चक्क साधी हळद मिसळलेली असते. हळद ओळखणे सोपे आहे. हळदीला चुना लावून कुंकू करतात, हे आपल्या आज्यांना माहीत होते. चिमूटभर चूर्ण बशीत घेऊन त्यावर चुन्याची निवळी टाका. ते लालसर झाले तर त्यात हळद आहे. दारुहळद अशी लाल होत नाही. मात्र रंग बदलला नाही म्हणजे चूर्ण शुद्ध आहे असे सिद्ध होत नाही, एवढे लक्षात असू द्या.

मालती, वाशी

औषधाच्या गोष्टी जाणकारांनी लिहिल्या आहेतच, मी फक्त स्वयंपाकाचे लिहिते. झरिष्क इराणच्या दक्षिण खोरासान प्रांतात, बिर्जंद आणि काएन या भागांत पिकते. केशरही त्याच भागातले, आणि पुलावात या दोघांची जोडी जमते ती त्यामुळेच असावी. मुंबईतील इराणी उपाहारगृहांत मिळणारा बेरी पुलाव ज्यांनी खाल्ला आहे, त्यांना ही चव ठाऊक असेल.

घेताना रंग पाहावा. ताजा माल माणकासारखा लाल असतो आणि जुना होत जातो तसा काळवंडतो, म्हणून घरी आणल्यावर हवाबंद डब्यात घालून तो फ्रिजमध्येच ठेवावा. वापरण्यापूर्वी ताटात पसरून देठ आणि काटे वेचावेत, गार पाण्यात दहा मिनिटे भिजवावे आणि न ढवळता वरच्यावर ओंजळीने उचलून घ्यावे, कारण वाळू तळाशी बसते. मी पहिल्यांदा पाण्यासकट चाळणीत ओतले होते आणि सगळ्या पुलावात कचकच लागली होती. नंतर पातेलीत चमचाभर तूप अगदी मंद आचेवर गरम करून त्यात झरिष्क आणि थोडी साखर घालावी. दाणे फुगून चकाकू लागले की लगेच उतरवावे. त्यास एक मिनिटदेखील लागत नाही, आणि तेवढ्यात लक्ष दुसरीकडे गेले तर ते करपून कडू होतात. केशराचे पाणी शेवटी घालावे आणि हे सारे वाढतेवेळी भातावर पसरावे. भाताबरोबर शिजवल्यास रंगही जातो आणि आंबटपणाही.

अबोली, ठाणे

आपणा सर्वांचे मनापासून आभार मानते. आज सकाळी खाली जाऊन झुडूप पाहिले. पाने समोरासमोर आहेत, शेंड्याला जांभळ्या फुलांचे तुरे आहेत आणि फांदी खरवडल्यावर पिवळा रंग कोठेही दिसला नाही. त्या दोन्ही मुलांच्या घरी जाऊन विचारले. त्यांनी फळे केवळ भातुकलीसाठी तोडली होती, खाल्ली नव्हती. सचिवांनी सायंकाळपर्यंत सर्व घोस छाटून घेतले आणि आता ते कुंपणच बदलण्याचा विचार करत आहेत.

सासऱ्यांचे चूर्ण थांबवले आहे आणि डॉक्टरांची उद्याची वेळ घेतली आहे. शुभदाताईंनी सांगितल्याप्रमाणे बशीत चूर्ण घेऊन त्यावर चुन्याची निवळी टाकली. ते आमच्या डोळ्यांदेखत कुंकवासारखे लाल झाले. सासरे बराच वेळ त्या बशीकडे पाहत बसले होते. ते पाकीट डॉक्टरांना दाखवण्यासाठी तसेच ठेवले आहे.

रानवाट, ऐरोली

मुले सुखरूप आहेत हे वाचून फार बरे वाटले. कुंपण बदलणारच असाल तर सचिवांना करवंद सुचवा. येऊरच्या डोंगरात ते आपसूक वाढते, म्हणजे येथील उन्हाचा आणि पावसाचा त्याला सराव आहे. काटे इतके भक्कम असतात की गुरेढोरे शिरत नाहीत, आणि मे महिन्यात ठाणे स्थानकाबाहेर पानांच्या द्रोणांत विकायला येते ते फळ मुलांना निर्धास्तपणे खाता येईल. रोपे पावसाळ्याच्या तोंडावर दोन-दोन फुटांवर लावावीत आणि छाटणी फळे संपल्यावरच करावी, कारण माळ्याने वरचेवर कातरी चालवली तर फुले येणाऱ्या डहाळ्याच निघून जातात. फळ तोडताना देठातून पांढरा चीक येतो, तो कपड्यांवर पडू देऊ नये, कारण त्याचे डाग निघत नाहीत.